फेरफार नोंदी

१४ जून, निशी-कासाई, टोकियो
लेकीच्या घरी. बाहेर बारीक पाऊस, दिवसभर.
संपादकांचा फोन. दिवाळी अंकासाठी योशिआकी त्सुत्सुमी हवेत. सेइबू रेल्वे आणि प्रिन्स हॉटेलांचे एकेकाळचे सर्वेसर्वा, 'फोर्ब्ज'च्या १९८७च्या यादीत जगात पहिले. "रंगवून लिहा." मुदत महिनाअखेर.

१७ जून, शिनागावा
स्टेशनासमोर प्रिन्सच प्रिन्स. लेक म्हणाली, "आई, इथे सेइबूची गाडी येतच नाही." नकाशा पाहिला. खरंय. त्यांचे रूळ इकेबुकुरो-शिंजुकूहून पश्चिमेकडे. मग हॉटेलं इथे कशी?

१८ जून
बापापासून सुरुवात करायला हवी. यासुजिरो त्सुत्सुमी. आधी जमीन, रेल्वे नंतर. हाकोनेची जमीन कंपनी १९२०ची.
१९४७. राजघराण्याच्या ११ शाखांची पदं गेली. त्यावर युद्धानंतरचा मालमत्ता कर, वरचा दर ९० टक्के. वाडे विकायला निघाले. गिऱ्हाईक तयारच होतं. कारुइझावातला, त्यांतल्याच आसाका शाखेचा बंगला त्याच वर्षी हॉटेल झाला, 'प्रिन्स' नावाने. ताकानावातला ताकेदांचा वाडा १९५३ला.
संपादकांना हे सांगितलं. "छान. पण मुलाबद्दल लिहा."

२० जून, शिबा
टोकियो प्रिन्स. १९६४च्या ऑलिंपिकआधी महिनाभर उघडलं. जागा तोकुगावा शोगुनांच्या समाध्यांची. देवळं १९४५च्या बॉम्बहल्ल्यांत जळाली. पुढे थडगी उकरली, हाडांची मापं घेतली, अवशेष झोजोजी मंदिरामागे नेले. एक लाल दरवाजा तेवढा हॉटेलशेजारी उभा आहे. द्वारपालांसकट.
कॉफी महाग.

२१ जून
गुडघा. घरीच.

२३ जून, किओइचो
कोरियाचे शेवटचे युवराज यी उन यांचं घर. १९५५ला आकासाका प्रिन्स झालं. ऐंशीच्या दशकात शेजारी वास्तुकार केंझो तांगेंचा ४० मजली मनोरा.
मार्च २०११ला हॉटेल बंद झालं. लगेच फुकुशिमाचे विस्थापित राहायला आले, जूनअखेरपर्यंत. मग मनोरा पाडला: छत ठेवून आतून एकेक मजला काढत. रस्त्यावरून बघणाऱ्याला इमारत नुसती बुटकी होताना दिसे.
जुनं घर उचलून बाजूला सरकवलंय. आज आत लग्न होतं. नवरीचे काका बाहेर छत्री शोधत होते.

२४ जून
मुलाबद्दल, एकदाचं. रेल्वेचे शेअर कोकुदो या घरच्या कंपनीचे, कागदावर नावं भलत्यांची. त्यावरून डिसेंबर २००४ला शेअर बाजारातून रेल्वेची हकालपट्टी. मार्च २००५ला अटक. शिक्षा झाली, तुरुंग टळला.
रंगवायला एवढं पुरे. लिहायला बसले, दोन पानांत कंटाळा आला.

२६ जून
२०२२: सुमारे ३० हॉटेलं आणि इतर मालमत्ता सिंगापूरच्या जीआयसी या फंडाला विकायचा करार. पाट्या त्याच, चालवणारे तेच.
२०२५: किओइचोत पाडलेल्या मनोऱ्याच्या जागचा नवा मनोराही ब्लॅकस्टोन या फंडाला. सुमारे ४०,००० कोटी येन. युवराजाच्या घरासकट.
म्हणजे आता सेइबूही विकणाऱ्यांत.

२७ जून
माणूस नको. या जागांचा सातबाराच लिहावा. शोगुन, युवराज, रेल्वे, फंड. फेरफारामागून फेरफार. त्सुत्सुमी बाप-लेक मधल्या दोन ओळींत.

३० जून
लेख पाठवला.

२ जुलै
संपादक : "कोरडा आहे, पण घेतो. फोटो मात्र त्या श्रीमंत माणसाचाच लागेल."