पंडरीतील कोळंबी

रायपूरच्या पंडरी भागाची ओळख कापडबाजाराची. समुद्र तेथून शेकडो मैल दूर. तेथील एका मराठी घरात रत्नागिरीहून सून म्हणून आलेल्या बाईंची कोळंबी पहिल्याच आठवड्यात ‘झिंगा’ झाली. शब्द गेला, लसणीची फोडणी आणि आमसूल मात्र त्यांनी सोडले नाही.

पुढे परदेशी राहणाऱ्या मुलीने माहेरी येऊन लोणी, लसूण आणि पांढरी वाइन घालून कोळंबीचा पास्ता केला. आई शेजारी उभी राहून पाहत होती. लसूण करपू द्यायची नाही. कोळंबी गुलाबी होऊन वळली की दोन-तीन मिनिटांतच उतरवायची, नाहीतर ती चिवट होते. यातले काहीच तिला परके नव्हते. वाइनचा आंबटपणा लोण्याचा जडपणा तोडतो. आमसुलाचेही काम तेच.

अमेरिकेत या पदार्थाला ‘श्रिम्प स्कॅम्पी’ म्हणतात. इटालियन भाषेत स्कॅम्पी हा कोळंबीहून वेगळा, नांग्यांचा जीव. परमुलखात त्याची जागा कोळंबीने घेतली, नाव तेवढे उरले. पंडरीत नेमके उलटे झाले: जिन्नस उरला, नाव गेले.

छत्तीसगडावरील भोसल्यांचा अंमल १८५४ मध्ये संपला. मराठी घरे राहिली. त्या घरातली नात आज ‘प्रॉन’ म्हणते. आजी वाढताना दर वेळी ‘कोळंबी’ म्हणते आणि नातीने तो शब्द उच्चारेपर्यंत थांबते. चव हात सांभाळतात. शब्दाला मात्र दुसऱ्या कोणाचे तरी तोंड लागते.