माळ्यावर मय्यत, अंगणात बारात

परवा रात्री एमिर कुस्तुरिकाचा 'ब्लॅक कॅट, व्हाइट कॅट' पुन्हा पाहिला. १९९८चा सिनेमा. डॅन्यूबकाठची रोमा, म्हणजे जिप्सी माणसं. फसवणुकीत अडकलेला मात्को पोराचं लग्न गुंड ददानच्या ठेंगण्या बहिणीशी ठरवतो. पोराचं मन दुसरीकडंच. लग्न तोंडावर असताना आजोबा वारतात. लग्न टळू नये म्हणून त्यांना माळ्यावर बर्फात ठेवतात. पुढं आजोबा उठूनच बसतात! बँडवाले झाडाला बांधलेले, तरी वाजवताहेत. एक डुक्कर चक्क मोटार खातंय.

अम्मी शेजारी तस्बीह घेऊन बसली होती. भाषा कळत नव्हती, तरी म्हणाली, "ये तो अपने मोहल्लेकेच लोगां हैं रे!"

ती फार चुकली नव्हती. रोमा लोकांचे पूर्वज हजारेक वर्षांपूर्वी भारतातूनच गेले. त्यांच्या रोमानी भाषेत पाण्याला 'पानी' आणि कानाला 'कान'च म्हणतात.

लहानपणी आमच्या गल्लीत अस्वल घेऊन दरवेशी यायचा. आम्ही पोरं मागं धावायचो, मोठी माणसं तो गेल्यावर भांडी मोजायची. भटक्या जमातींना जन्मजात गुन्हेगार ठरवणारा १८७१चा कायदा १९५२ साली गेला. नजर गेली नाही.

ती नजर आम्हालाही ओळखीची आहे. सिनेमातला मुसलमान एक तर बॉम्ब ठेवतो, नाहीतर हिरोसाठी जीव देतो. वलीम्यात बिर्याणीच्या देगवरून भांडणारा मामू दिसत नाही. कुस्तुरिकाची माणसं फसवतात, पितात, भांडतात, प्रेमात पडतात. तो त्यांच्या वतीनं माफी मागत नाही की त्यांची कीव करत नाही. तो स्वतः रोमा नाही आणि त्यानं या माणसांचा तमाशा केला, हा आक्षेप मला पूर्ण खोडता येत नाही. तरी हा सिनेमा मी दर दोन-तीन वर्षांनी पाहतो. निर्दोष ठरण्याआधी हसण्याची मुभा तो देतो.

सिनेमा संपल्यावर अम्मीनं तिच्या खालाच्या निकाहची गोष्ट सांगितली. त्याच सकाळी घरात मय्यत झाली होती. बाजा बंद झाला, पण निकाह झाला. अर्धी माणसं कब्रस्तानातून थेट दस्तरखानावर आली. सांगता सांगता ती हसली, मग पदरानं डोळे पुसले.

ही गोष्ट मी पहिल्यांदाच ऐकत होतो. अजून कुणी लिहिलेली नाही.