जिजाईचं बोलणं लिहिणारा माणूस

प्रभातच्या ‘संत तुकाराम’चा विषय निघाला की विष्णुपंत पागनीस आठवतात, दामले-फत्तेलाल आठवतात. शिवराम वाशीकर हे नाव मात्र सांगावं लागतं. १९३६चा हा चित्रपट मुंबईत एकाच थिएटरात वर्षाहून अधिक काळ चालला, १९३७मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. त्याचं लेखन वाशीकरांचं.

मराठी बोलपट तेव्हा जेमतेम चार वर्षांचा होता. ‘अयोध्येचा राजा’ १९३२चा. नट, पदं, बोलण्याची ढब असं बरंच काही रंगभूमीवरून आलेलं. पागनीस स्वतः नाटकांत स्त्रीभूमिका करून आलेले. अशा काळात वाशीकरांपुढे नायक आला तो संत. त्याचे अभंग तीन शतकं लोकांच्या तोंडी. अशा माणसाच्या तोंडी लेखकानं आपलं काय घालायचं?

वाशीकरांनी तुकोबांना बरंचसं गाऊ दिलं आणि बोलायला जिजाईला लावलं. घरात दाणा नाही, पोरं भुकेली, नवरा भजनात. ती भांडते, विठोबालाही सोडत नाही. मूल आजारी पडतं तेव्हा ती त्याला घेऊन, हातात वहाण घेऊन देवळात शिरते. अभंगाला घरातल्या रोखठोक गद्यानं दिलेलं हे उत्तर आहे. तुकोबांवर प्रेम करणारा प्रेक्षक तिच्यावर चिडत नाही, कारण तिचा हिशेब खरा आहे. गौरीबाईंनी ही भूमिका अशी केली की शब्द कुणी लिहिलेत याचा विसरच पडतो.

आमच्या नंदुरबारकडे घरात अहिराणी, गुजरी, भिली. पुस्तकी मराठी शाळेतून येते. हा चित्रपट मी मायसोबत पाहिला. जिजाई देवळात शिरली तेव्हा मी हसलो. माय हसली नाही. म्हणाली, “तिनं काय चुकनं?” देहूच्या बाईचं बोलणं तिला आपल्या ओट्यावरचं वाटलं. संवादलेखकाला याहून मोठी पावती कोणती द्यावी, मला सुचत नाही.

चित्रपटाची सुरुवातही लेखकाच्याच दुखण्यावर आहे. सालोमालो तुकोबांचा अभंग स्वतःचा म्हणून नटवून गातो. भागवतांनी तो झकास रंगवलाय. उलटा प्रकार बाहेर घडला. ‘आधी बीज एकले’ हे शांताराम आठवल्यांनी चित्रपटासाठी लिहिलेलं गीत अनेकांना तुकोबांचाच अभंग वाटलं. एकानं दुसऱ्याची रचना आपल्या नावावर केली; दुसऱ्याची रचना संताच्या नावावर गेली. आठवल्यांच्या बाबतीत निदान हा किस्सा तरी सांगितला जातो. गद्य लिहिणाऱ्याच्या वाट्याला तोही येत नाही. गाणं लोक गुणगुणतात, संवाद पात्राचाच होऊन जातो.

वाशीकर पुढेही प्रभातसाठी लिहीत राहिले: ‘गोपालकृष्ण’ (१९३८), ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०), ‘रामशास्त्री’ (१९४४). देव, संत, न्यायाधीश. थोरांच्या गोष्टी लिहिताना लेखकानं आपलं काय ठेवायचं, हा प्रश्न प्रत्येक वेळी आलाच असणार. ‘तुकाराम’च्या शेवटी तुकोबा वैकुंठाला निघतात, तिलाही बोलावतात. जिजाई जात नाही. मुलं आहेत, घर आहे. वैकुंठापेक्षा घर निवडणारी ही बाई आपल्याला पटते. ती पटवून देणाऱ्या माणसाचं नाव पुढच्या वेळी श्रेयनामावलीत थांबून वाचायला हवं.