एकटीचं अख्खं घर

मंडळी, प्राजक्ता कोळी हे नाव आमच्या वयाच्या किती जणांना ठाऊक आहे? नातवंडांना विचारा, लगेच सांगतील. ही मुलगी आपल्या ठाण्याची. शिकली मुलुंडच्या वझे-केळकर महाविद्यालयात. हौस रेडिओवर बोलायची, म्हणून एका एफएम वाहिनीत उमेदवारीही केली. तिथे काही जमलं नाही. मग २०१५ साली 'मोस्टलीसेन' या नावाने तिने यूट्यूबवर व्हिडिओ टाकायला सुरुवात केली. आज तिथे तिचे सत्तर लाखांहून जास्त वर्गणीदार आहेत. २०२५ मध्ये 'टाइम' मासिकाने जगातल्या शंभर क्रिएटर्सची पहिली यादी काढली, तीतही ती आहे.

ती करते काय, तर घरातल्या गोष्टी सांगते. आई तीच, बाबा तीच, भाऊही तीच. आवाज बदलला, कपडे बदलले की माणूस बदलला! भाषा हिंदी, पण ती आई आपल्या शेजारची वाटते.

मला हे पाहताना लक्ष्मण देशपांडे आठवले. 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये ते एकटे बावन्न पात्रं उभी करत. पु.लं.नी 'बटाट्याची चाळ' एकट्याने रंगवली. आणि इतकं लांब तरी कशाला जायचं? आमच्या बाळकुम गावात हळदीच्या रात्री एखादी आजी विहिणीची अशी नक्कल करते की मांडव हसून लोळतो. म्हणजे कला जुनीच. बदललं काय, तर समोरचा माणूस.

द. मा. मिरासदार, शंकर पाटील, व्यंकटेश माडगूळकर यांचं कथाकथन ज्यांनी ऐकलं, त्यांना आठवत असेल. वाक्य टाकायचं आणि थांबायचं. हशा ओसरला की पुढचं. सभागृह गप्प असेल तर चाल बदलायची. वर्गात गोष्ट सांगताना मीसुद्धा वाघ आला की थांबायचे. पोरं श्वास रोखून बसायची. ती दोन क्षणांची शांतता म्हणजे अर्धी गोष्ट!

व्हिडिओत नेमकी हीच शांतता कापून टाकतात. एक वाक्य संपायच्या आत दुसरं सुरू. त्यांचंही बरोबर आहे म्हणा. पाहणाऱ्याचा अंगठा काचेवरच असतो, जरा थांबलं की तो पुढे सरकतो. बिचारी सांगणारी कॅमेऱ्यासमोर एकटी, तिला हशा ऐकूच येत नाही. तो मागाहून येतो, आकड्यांत आणि प्रतिक्रियांत.

पण एक गोष्ट मान्य करायला हवी. नाट्यगृहाची तारीख नाही, निर्माता नाही, कुणाची शिफारस नाही. आणि तरीही ठाण्यातली एक मुलगी जगापुढे उभी राहिली. आमच्या शाळेत नकला करणाऱ्या कितीतरी हुशार मुली होत्या. लग्न झालं आणि त्यांची कला स्वयंपाकघरात राहिली. त्यांना हे दार मिळालं असतं तर?

म्हणून मुलांच्या हातचा मोबाइल ओढून घेऊ नका. त्यांना हसू द्या. फक्त आठवड्यातून एकदा तरी घरात कुणीतरी तोंडाने गोष्ट सांगा, आणि वाघ आला की थांबा. वाट पाहण्यातली गंमत त्यांना यूट्यूब शिकवणार नाही, ती आपणच शिकवायची आहे.