आजोबांचा रक्तदाब आणि पणजोबांची नोंद

गेल्या जूनमध्ये अठ्ठ्याहत्तर वर्षांचे एक आजोबा दवाखान्यात आले. रक्तदाबाचे औषध ते बारा वर्षे नेमाने घेत आहेत. त्या दिवशी मात्र वरचा आकडा १९० होता. झोप नव्हती, छातीत धडधड होत होती. ईसीजी निर्वेध आला. मीठ, गोळ्यांच्या वेळा, सारे विचारून झाल्यावर सोबतची सून हळूच म्हणाली, "डॉक्टरसाहेब, नातीच्या व्हॅलिडिटीचं घेतलंय त्यांनी मनाला."

घराणे महादेव कोळी, अनुसूचित जमातीतले. नातीला 'नीट'मध्ये गुण चांगले होते, जमातीचा दाखलाही होता. परंतु वैद्यकीय प्रवेशासाठी पडताळणी समितीचे वैधता प्रमाणपत्र लागते. अनुसूचित जमातींना त्यासाठी ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचा पुरावा महत्त्वाचा ठरतो. आजोबांचे नाव शाळेत पडले ते त्यानंतर. म्हणून त्यांच्या वडिलांची नोंद शोधली, तर रजिस्टरात गुरुजींनी नुसते 'हिंदू कोळी' लिहिलेले. एक शब्द गाळला गेला आणि ऐंशी-नव्वद वर्षांनी पणतीची वाट अडली.

अशाच नोंदीवरून दोन बहिणींच्या प्रवेशाचा खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. २ सप्टेंबर १९९४ च्या त्या निकालात महादेव कोळी असल्याचा त्यांचा दावा अमान्य झाला. एकीला शिक्षण पुरे करू दिले, दुसरीला जमातीच्या सवलतीवर पुढे शिकू दिले नाही. आजची पडताळणी समिती, घरी येऊन चौकशी करणारे दक्षता पथक, ही सारी रचना त्या निकालातून आली. पुढे २००० साली घटनापीठाने हलबा-कोष्टी हे हलबा जमातीत मोडत नाहीत, असे ठरवले. तो विद्यार्थी १९८५-८६ मध्ये एमबीबीएसला आलेला, एव्हाना डॉक्टर होऊन व्यवसाय करत होता. न्यायालयाने त्याची पदवी तेवढी राहू दिली. २०१७ च्या निकालानंतर तशी मुभाही उरली नाही.

हा कठोरपणा मला योग्य वाटतो. आमच्या वर्गातही एक जण न्यायालयाच्या अंतरिम आदेशावर शिकत होता. शवविच्छेदनाच्या टेबलाशी आम्ही शेजारी उभे असू. मुलगा हुशार होता, आम्हां सर्वांनाच त्याची कीव येई. त्या जागेवर ज्याचा खरा हक्क होता, तो डोंगरातला कुणी मुलगा त्या वेळी कुठे असेल, हे माझ्या मनात फार उशिरा आले. खटला पंधरा वर्षे चालला की अशा मुलाचे वय निघून जाते.

मात्र खोट्याला गाळणाऱ्या चाळणीत खराही घुसमटतो, हे मी त्या दिवशी पाहिले. आजोबा रात्री उठून पुटपुटत बसत. दक्षता पथक कुलदैवत विचारील, लग्नातले विधी विचारील, मर्तिकाची रीत विचारील. "मला आता सगळं आठवत नाही हो. मी चुकलो तर पोरीचं डॉक्टर होणं जाईल." शाळेत नापास झालेल्या मुलासारखा त्यांचा चेहरा झाला होता.

मी औषधाची मात्रा थोडी वाढवली आणि मग वकिलाचे काम केले, जे माझे नव्हे. चालीरीतींची ही परीक्षा म्हणजे अंतिम कसोटी नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये सांगितले आहे. जुन्या कागदाचे वजन अधिक. वडिलांकडील रक्ताच्या नात्यात कुणाला वैधता मिळाली असेल तर तोही भक्कम आधार. आठवत नसेल तर 'आठवत नाही' म्हणावे, पाठ केलेले बोलू नये. सुनेला मी सांगितले की सुनावणीच्या दिवशी सकाळची गोळी चुकवू नका, पाणी आणि खाणे बरोबर ठेवा, आणि त्यांच्यासमोर मुदतीचे दिवस मोजत बसू नका. कागदांसाठी शाळेवर थांबू नका, गावच्या जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदीही काढा.

त्या नोंदी मोडीत निघाल्या. वाचणारा मिळेपर्यंत तीन आठवडे गेले. परवा आजोबा आले तेव्हा आकडा १४६ होता. वैधता अद्याप हाती नाही, प्रवेशाची पहिली फेरी तोंडावर आहे. पिशवीतून त्यांनी जपून एक नक्कल काढली आणि एका ओळीवर बोट ठेवले. मोडी मलाही येत नाही. तेच म्हणाले, "हे बघा, इथं 'महादेव' लिहिलंय."