तू हो पुढे

रेम्ब्रांटचं 'नाइट वॉच' हे चित्र १६४२ सालचं. ॲमस्टरडॅमच्या नागरी पहारेकऱ्यांच्या एका तुकडीने ते पैसे मोजून काढवून घेतलं. मध्यभागी काळ्या पोशाखातला कॅप्टन फ्रान्स बानिंक कॉक, शेजारी त्याचा लेफ्टनंट. १७१५ मध्ये ते टाउन हॉलमध्ये हलवायचं ठरलं, भिंतीवर मावेना, म्हणून चारही बाजूंनी कापलं. १९७५ मध्ये एकाने त्याच्यावर सुरीचे वार केले, १९९० मध्ये दुसऱ्याने आम्ल फेकलं. नावात रात्र आहे, पण प्रसंग रात्रीचा नाही. वरचं व्हार्निश काळवंडत गेलं आणि ते नाव चिकटलं.

हे चित्र ॲमस्टरडॅमच्या राइक्सम्युझियम या संग्रहालयात आहे. तिथून बाहेर पडले तेव्हा हे सगळं मी घडाघडा म्हणून दाखवू शकत होते. संध्याकाळी घरी मुलाने विचारलं, "आई, त्या मुलीच्या कमरेला कोंबडी का बांधलीय गं?" मला कोंबडी आठवेना. मुलगीसुद्धा धड आठवेना.

ते चित्र साडेचार मीटर रुंद आहे. त्यात सगळ्यात जास्त उजेड दोघांवर पडलाय, एक तो लेफ्टनंट आणि दुसरी ही सोनेरी झग्यातली मुलगी. म्हणजे न दिसण्यासारखी ती मुळीच नाही. मी चित्रासमोर चांगली उभी होते, डोळेही उघडे होते, पण मी ऐकत होते.

झालं ते असं. मुलाकडे, ॲमस्टरडॅमजवळच्या ॲम्स्टलव्हेनला गेलो होतो, आणि राइक्सम्युझियम पाहायचं हे इथून निघतानाच ठरलं होतं. मी आयुष्यभर कॉलेजात इतिहास शिकवला. कुठेही जाण्याआधी माहिती गोळा करायची ही जुनी सवय. संग्रहालयाचं ॲप मोफत आहे, त्यात ऑडिओ टूर आहेत. ते आदल्या रात्रीच फोनवर घेतलं, नवे इअरफोन आणले आणि 'महत्त्वाची चित्रं' नावाची वाट निवडली. तिकिटावर सकाळची वेळ होती. आत शिरताक्षणी मी इअरफोन कानात घातले.

ऑडिओ टूरमध्ये वाईट काही नाही, हे आधीच सांगते. निवेदन उत्तम होतं, माहिती नेमकी होती. चूक मी ते वापरण्यात केली. चित्रापाशी पोचायचं, आकडा दाबायचा, आवाज सुरू. आवाज म्हणतो डावीकडे बघा, की नजर डावीकडे. आवाज म्हणतो हा प्रकाश बघा, की नजर प्रकाशाकडे. दीड-दोन मिनिटांत आवाज थांबतो आणि बोट आपोआप पुढच्या आकड्यावर जातं. म्हणजे मी चित्रासमोर किती वेळ थांबायचं, हे निवेदन किती लांब आहे त्यावर ठरत होतं. प्रश्न पडायच्या आधी उत्तर मिळत होतं, त्यामुळे प्रश्न पडतच नव्हता. वर्गात मी मुलांना नेमकं याच गोष्टीसाठी रागवत आले होते: गाइड आधी वाचू नका, आधी मूळ मजकूर वाचा.

त्यात फोन एकच. वाट त्यातच, आवाज त्यातच, कॅमेराही त्यातच. पुढचं दालन शोधायला मान खाली, फोटो काढायला फोन वर, मध्येच भिशीच्या ग्रुपवरचा मेसेज. दोन चित्रांच्या मध्ये जे काही होतं, त्यातलं मला काहीही आठवत नाही.

पण खरी बोचणी आहे ती वेगळीच. माझ्याबरोबर हे होते. ह्यांची सगळी नोकरी माझगाव डॉकमध्ये गेली. ह्यांनी इअरफोन घेतलेच नाहीत. "कानात कुणी बोलत राहिलं की मला समोरचं सुचत नाही," म्हणाले. मला ते जरा अडाणीपणाचं वाटलं, आणि तसं माझ्या चेहऱ्यावर दिसलंही असणार.

दुसऱ्या मजल्यावर एका दालनात 'विल्यम रेक्स' नावाच्या युद्धनौकेची प्रतिकृती आहे, १६९८ सालची. फ्लिसिंगेनच्या गोदीत केलेली, ७४ तोफांच्या जहाजाची. प्रतिकृती म्हटल्यावर टेबलावरचं खेळणं डोळ्यांसमोर येतं, तसं नाही. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालत जावं लागतं. हे तिथे थबकले. "अगं, इकडे ये, हे बघ." मी एक बोट वर केलं. थांबा, ऐकतेय. निवेदन संपल्यावर त्यांच्याकडे गेले ती "अहो, चला ना, अजून निम्मं राहिलंय" असं म्हणतच. ते म्हणाले, "तू हो पुढे."

मी झाले पुढे. त्या दिवशी ह्यांना काय दाखवायचं होतं, ते मी विचारलं नाही. परत येताना ट्राममध्ये मी ह्यांना नाइट वॉच कसं कापलं ते सांगत होते आणि हे ऐकत होते. चाळीसेक वर्षं जहाजं बांधणाऱ्या माणसाच्या शेजारी जगातल्या एका उत्तम जहाजाच्या प्रतिकृतीसमोर उभं राहायची संधी मला मिळाली होती, आणि मी त्याला बोटाने गप्प केलं होतं. कोंबडीच्या प्रश्नाने माझा अभिमान दुखावला. ह्या गोष्टीने मात्र मला रात्रभर झोप लागू दिली नाही.

आठवडाभराने आम्ही पुन्हा गेलो. मुलगा म्हणाला, परत तेच कशाला, व्हॅन गॉगचं संग्रहालय बघा. मी म्हटलं, मी अजून हेच बघितलेलं नाही.

या वेळी आधी जहाज. हे सांगत होते आणि मी बघत होते. फळ्या कशा बसवल्यात, सांधे कसे एका रेषेत येऊ दिलेले नाहीत, कारण तसे आले तर जहाज तिथेच उकलतं. डोलकाठ्यांचे दोर नुसते शोभेला ताणलेले नाहीत, कोणता दोर काय ओढतो ते मागे मागे जाऊन शोधता येतं. "हे सुतारकाम करणाऱ्याने नाही केलेलं, जहाज बांधणाऱ्याने केलंय," हे म्हणाले. तोफांच्या खिडक्यांची रांग सरळ नाही, किंचित वक्र आहे, हे मला त्यांनी दाखवल्यावर दिसलं. मग मी विचारत सुटले. इतक्या वर्षांत मी ह्यांना त्यांच्या कामाबद्दल इतकं सलग कधी विचारलं नव्हतं, हेही तिथेच लक्षात आलं.

नाइट वॉचसमोर इअरफोन पर्समध्ये ठेवून उभी राहिले. चित्र हल्ली काचेच्या मोठ्या खोलीत आहे. २०१९ पासून त्याचा अभ्यास आणि आता जतनाचं काम लोकांच्या डोळ्यांसमोर चालतं. कोंबडी आहे. मुलीच्या पट्ट्याला उलटी लटकलेली, मेलेली, पाय वर. नखं स्पष्ट दिसतात. आणि कॅप्टनने पुढे केलेल्या हाताची सावली लेफ्टनंटच्या फिक्या पिवळ्या कोटावर पडलीय. ती सावली दिसल्याबरोबर हात चित्रातून बाहेर आल्यासारखा वाटायला लागला. मग नंतर वाचलं, की पक्ष्याचा पंजा ही त्या पहारेकऱ्यांच्या संघाची खूण होती. आधी ऐकलं असतं तर ती एक नोंद झाली असती. कोंबडी बघून, ही इथे कशाला, असं अर्धा तास मनात घोळवल्यावर कळलं, म्हणून ते उत्तर झालं.

त्याच दालनांच्या रांगेत रेम्ब्रांटचंच 'ज्यू वधू' आहे. व्हॅन गॉग १८८५ च्या ऑक्टोबरात इथे आला होता, संग्रहालयाची ही इमारत उघडून काही महिनेच झाले होते. बरोबरचा मित्र बाकीचं बघून आला तरी हा त्या चित्रासमोरून हलला नव्हता. कोरड्या पावाचा तुकडा खाऊन पंधरा दिवस इथे बसायला मिळालं तर आयुष्याची दहा वर्षं देईन, अशा अर्थाचं तो बोलल्याचं त्या मित्राने सांगून ठेवलंय. ही गोष्ट मला कित्येक वर्षं माहीत होती, वर्गात सांगितलीही होती. आणि पहिल्या खेपेला त्याच चित्रासमोर मी दोन मिनिटंही थांबले नव्हते. आता बसले. त्या पुरुषाच्या बाहीवर रंग इतका जाड दिलाय की तो रंगवलेला न वाटता थापलेला वाटतो. जवळ गेलं की नुसती खरखरीत पिवळी ढेकळं, चार पावलं मागे आलं की सोनेरी कापड. हे मागे-पुढे होणं कुठल्याही आवाजाने सांगून होत नाही, ते पायांनी करावं लागतं.

आणखी एक गोष्ट पहिल्या दिवशी माझ्या वाटेत नव्हती म्हणून मी टाळली होती. संग्रहालयाच्या आवारात, पाण्याने वेढलेल्या वेगळ्या छोट्या इमारतीत आशियातल्या कलाकृती आहेत. तिथे तमिळ देशातला बाराव्या शतकातला चोळ नटराज आहे, दीड मीटर उंच. नटराज काय, आपल्याकडे पुष्कळ, असं म्हणून मी पुढे गेले होते. इतक्या मोठ्या मूर्तीचा क्ष-किरण काढायला साधं यंत्र पुरेना, म्हणून ती ट्रकसकट रॉटरडॅम बंदरात कंटेनर तपासायच्या यंत्रातून नेली होती. तेव्हा खात्री पटली की ती आतून भरीव आहे. वजन सुमारे ३०० किलो. मिरवणुकीत दांड्यांवरून खांद्यावर न्यायची ही मूर्ती. आपली म्हणून न बघितलेली वस्तू बघायला मला परदेशात दोनदा तिकीट काढावं लागलं.

शेवटी व्हर्मीरची 'दूध ओतणारी'. सुमारे १६६० मधलं, जेमतेम हातभर उंचीचं चित्र, आणि त्यासमोर गर्दी. हळूहळू पुढे सरकत गेलो. पिवळी चोळी, निळं ॲप्रन, मातीच्या भांड्यात पडणारी दुधाची बारीक धार. खिडकीच्या एका काचेला भगदाड आहे. मागची भिंत पांढरी, रिकामी, आणि तिच्यात एक खिळा, त्याची सावलीसुद्धा काढलेली. हे त्या खिळ्याकडेच बघत बसले. "काही टांगलेलं नाही, आणि खिळा मात्र ठेवलाय."

तेव्हा मी पर्समधून इअरफोन काढले. त्या चित्राच्या तपासणीत २०२२ मध्ये एक गोष्ट कळलीय, ती मला आता ऐकायची होती. ह्यांनीही एक कानात घातला. व्हर्मीरने आधी बाईच्या डोक्यामागे चंबू टांगायची फळी काढली होती, खाली उजवीकडे वेताची मोठी टोपलीही होती. निखाऱ्यांवर ठेवून तान्ह्या बाळाचे कपडे वाळवायची ती टोपली. आपल्याकडे बाळंतिणीच्या खोलीत शेगडीवर टोपली पालथी घालून त्यावर दुपटी शेकतात, तशीच. दोन्ही वस्तू त्याने स्वतःच रंगाने बुजवून टाकल्या.

आवाज थांबला. पुढचा आकडा दाबायचं माझ्या मनातही आलं नाही. मी म्हटलं, मग बरोबर आहे, भिंत मोकळी केली म्हणून बाई इतकी ठळक दिसते.

"ते ठीक," हे म्हणाले, "पण एवढी फळी पुसली, टोपली पुसली, तर खिळा का ठेवला?"

मी म्हणाले, घर वापरातलं वाटावं म्हणून. हे म्हणाले, नाही, नजरेला कुठेतरी टेकू लागतो, भिंत अगदीच कोरी असती तर ती मागे गेली नसती, पुढे आली असती. गर्दीतल्या एका बाईंनी वळून आमच्याकडे बघितलं, तेव्हा आवाज खाली केला. पाच वाजता दालन रिकामं करायला सांगणारा माणूस आला, तोवर आमचं एकमत झालेलं नव्हतं.