मास्तरांचा हात

मराठीत 'शिल्पकार' आणि 'मूर्तिकार' असे दोन शब्द आहेत. अर्थाने ते शेजारी आहेत, मानाने नाहीत. शिल्पकाराला कलेच्या इतिहासात प्रकरण मिळते, मूर्तिकाराला भाद्रपदात वृत्तपत्राची पुरवणी. गणपतराव म्हात्रे यांची 1896 सालची 'मंदिरपथगामिनी' जे. जे. कलाशाळेने जपली. रघुनाथ कृष्ण फडके यांनी घडवलेले टिळक गिरगाव चौपाटीवर उभे आहेत. दरवर्षी अनंत चतुर्दशीला लालबाग-परळच्या मूर्तिकारांचे काम त्याच टिळकांसमोरून पाण्यात जाते. एकाच वाळूवर एक कला टिकण्यासाठी उभी आहे आणि दुसरी नाहीशी होण्यासाठी आलेली आहे.

या दुसऱ्या कलेतील एक नाव दीनानाथ वेलिंग. गणेश गल्लीच्या मंडळाची स्थापना 1928 सालची. सुवर्णमहोत्सवी वर्षात, म्हणजे 1977 साली, वेलिंग यांनी तेथे 22 फुटांची मूर्ती घडवली आणि उंच मूर्तींची लाट लालबागमधून शहरभर गेली. ती मूर्ती त्याच वर्षी विसर्जित झाली. मागे उरली ती छायाचित्रे, आठवणी आणि 'मास्तर' हे संबोधन. आम्हांला या संबोधनाचे अप्रूप वाटते. मराठीत मास्तर शाळेत असतो तसा शिंप्याच्या दुकानातही असतो आणि बँडच्या पुढेही असतो. ज्याला काम येते आणि जो ते दुसऱ्याला दाखवतो, तो मास्तर. गिरणगावाने हीच रीत पाळली. मागावर तुटलेला धागा जोडणे कोणी पुस्तकातून शिकले नाही. शेजारी उभे राहून, हाताकडे पाहत शिकले.

आम्ही मराठी शिकवतो आणि राहतो लालबागला. पावसाळ्यात कॉलेजातून परतताना ताडपत्रीखालच्या कारखान्यापाशी पाय रेंगाळतात. तेथले काम पाहून साचा आणि हात यांतला फरक आम्हांला नीट कळला. उंच मूर्तीचा नमुना आधी मातीत घडतो. त्यावरून साचा काढतात. साच्यात काथ्या घातलेल्या प्लास्टरचे थर देऊन हात, पाय, सोंड, मुकुट वेगवेगळे काढतात आणि आतल्या आधारावर जोडतात. साचा एकदा तयार झाला की त्यातून कितीतरी मूर्ती निघू शकतात. मात्र डोळ्यांची आखणी साच्यातून निघत नाही. ती वेळ आली की कारखान्यातले बोलणे थांबते. जुना कारागीर परातीवर चढतो, आणि खाली रंगाची वाटी धरून उभा असलेला मुलगा श्वास रोखून त्याच्या मनगटाकडे पाहत राहतो. त्या मुलाला कोणी काही समजावून सांगत नाही. तरीही तो तास असतो, आणि आमच्या कित्येक तासांहून अधिक गंभीर असतो.

म्हणूनच 'शिल्पकार' आणि 'मूर्तिकार' यांतले अंतर आम्हांला गुणवत्तेचे वाटत नाही. सासवण्याच्या विनायकराव करमरकरांच्या घरी गणपती घडत. कलेक्टर ऑटो रॉथफील्ड यांची नजर त्या मुलाच्या हातावर पडली, जे. जे.चे दार उघडले, आणि पुढे 1928 साली पुण्यातला शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा उभा राहिला. दोन शब्दांमधले अंतर कधी कधी एका प्रवेशाएवढेच असते.

मात्र नाहीशा होणाऱ्या कलेचे गोडवे गाताना एक गोष्ट झाकता येणार नाही. प्लास्टर नाहीसे होत नाही. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी चौपाटीवर जे परत येते, ते पाहणे कठीण असते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या 2020 सालच्या मार्गदर्शक तत्त्वांनी प्लास्टरला मनाई केली; 2025 साली हा वाद उच्च न्यायालयात पुन्हा गाजला. एकीकडे हजारोंची रोजी, दुसरीकडे समुद्र. निवाडा सोपा नाही. आमचे कुतूहल मात्र वेगळे आहे. माध्यम बदलले तर शिष्याच्या पदरात काय उरते? ज्याला वारशात केवळ साचे मिळाले, त्याचे सगळेच जाईल. ज्याला हात मिळाला, तो शाडूतही उभा राहील. करोनाच्या 2020 सालात सार्वजनिक मूर्तींना 4 फुटांची मर्यादा होती. उंचीचा दिपवणारा प्रभाव त्या वर्षी गेला. उरले ते प्रमाण, बैठक आणि चेहरा. हे तिन्ही हाताकडूनच येतात.

वेलिंग मास्तरांनी रुळवलेली भव्य मूर्तींची वाट विजय खातू यांनी आणखी रुंद केली. 2017 च्या जुलैत, मूर्तींची कामे ऐन भरात असताना, ते गेले. त्यांच्या कन्या रेश्मा खातू यांनी कारखाना हाती घेतला आणि गणपती मंडपात पोचले. वर्षानुवर्षे पुरुषांचाच समजला गेलेला हा धंदा. त्यात मुलीचे नाव मूर्तिकार म्हणून घेतले जाऊ लागले, हेही त्या परंपरेचेच काम म्हणायला हवे.

साहित्याच्या वर्गातही साचे कमी नाहीत. गाइडे आहेत, दहा गुणांची ठरलेली उत्तरे आहेत, 'कवीची वैशिष्ट्ये' नावाची पाच कलमे आहेत. त्यांतून दरवर्षी शेकडो उत्तरपत्रिका निघतात, एकसारख्या आणि वेळेवर. कवितेपुढे थांबायचे कसे, कोणत्या शब्दाशी नजर अडली पाहिजे, हे मात्र साच्यात बसत नाही. ते कोणीतरी आपल्यासमोर करून दाखवावे लागते. असे दाखवलेले तास कोठे नोंदवले जात नाहीत. घंटा वाजली की तेही विसर्जित होतात. पुढे कधीतरी कोणी विद्यार्थी एखाद्या ओळीशी आपणहून अडखळतो. मास्तरांचा हात तेवढ्यापुरता तेथे असतो.